क्वामे एन्क्रुमा : १९५१ ला तुरुंगातून थेट सत्तेत, १९६६ ला एका सकाळीत बाहेर. मधे नेमकं काय बिनसलं?

वाळूघड्याळ

घानाच्या क्वामे एन्क्रुमांवर मराठीत जे थोडंफार वाचायला मिळतं त्यात दोनच सूर ऐकू येतात. एक म्हणतो की आफ्रिकेच्या स्वातंत्र्याचा हा महानायक अमेरिकेने कारस्थान करून पाडला. दुसरा म्हणतो की सत्ता डोक्यात गेली, हुकूमशहा झाला, म्हणून पडला. दोन्हींत तपशील जवळजवळ नसतो. अभ्यासगटात त्यांच्यावर तासभर मांडणी करायची आहे, त्यासाठी नेमकी माहिती हवी आहे.

१. शिक्षा भोगत असलेला माणूस १९५१ ची निवडणूक लढवूच कसा शकला? कायद्यात पळवाट होती की इंग्रजांनी डोळेझाक केली?
२. कोकोच्या पैशावर सगळं उभं राहिलं असं म्हणतात. तो पैसा शेतकऱ्याकडून सरकारकडे जायचा कसा?
३. व्होल्टा नदीवरच्या अकोसोम्बो धरणाने देश कर्जात बुडाला, हे खरं आहे का?
४. विनाचौकशी तुरुंगात टाकण्याच्या कायद्याबद्दल कोणी नीट सांगेल का?

नावाचा उच्चारही कळला तर बरं. एन्क्रुमा, न्क्रुमा, क्रुमा असं तीन प्रकारे लिहिलेलं पाहिलं आहे.

जुनी_पाने

पहिल्या प्रश्नाचं उत्तर असं, की कायद्यातच जागा होती आणि त्यांनी ती बरोबर हेरली.

डिसेंबर १९४७ मध्ये एन्क्रुमा लंडनहून गोल्ड कोस्टला (इंग्रजी अमलातल्या घानाचं नाव) परतले ते युनायटेड गोल्ड कोस्ट कन्व्हेन्शनचे सचिव म्हणून. तो वकील आणि व्यापाऱ्यांचा पक्ष, जे. बी. डांक्वा त्यातले मोठे नेते. २८ फेब्रुवारी १९४८ ला आक्रामध्ये माजी सैनिकांच्या मोर्चावर गोळीबार होऊन तिघे मेले आणि शहर पेटलं. पक्षाच्या सहा नेत्यांना अटक झाली, त्यात एन्क्रुमा आणि डांक्वा दोघेही होते. वर्षभरात दोघांच्या वाटा वेगळ्या झाल्या. १२ जून १९४९ ला एन्क्रुमांनी कन्व्हेन्शन पीपल्स पार्टी काढली, घोषणा 'स्वराज्य आत्ता'. जानेवारी १९५० मध्ये संप आणि बहिष्काराची 'पॉझिटिव्ह अ‍ॅक्शन' मोहीम सुरू केली. तिचा पाया अहिंसा आणि असहकाराचा होता आणि गांधीजींचं ऋण त्यांनी कधी लपवलं नाही. आणीबाणी लागली, अटक झाली आणि आक्राच्या जेम्स फोर्ट तुरुंगात रवानगी झाली.

आता मुद्द्याची गोष्ट. एक वर्षापेक्षा जास्त मुदतीची शिक्षा असेल तर मतदारयादीतून नाव जायचं. एन्क्रुमांना एकूण तीन वर्षं भोगायची होती, पण एक-एक वर्षाच्या तीन स्वतंत्र शिक्षा एकापुढे एक अशा. म्हणजे कोणतीही एक शिक्षा वर्षापेक्षा जास्त नव्हती! त्यांनी तुरुंगातूनच यादीत नाव घालण्याचा हक्क मागितला, तो नाकारायला कायदेशीर कारण नव्हतं, आणि यादीत नाव आलं की उमेदवारी आलीच. बाहेर पक्ष सांभाळत होते कोम्ला ग्बेडेमा. त्यांना सूचना जायच्या त्या टॉयलेट पेपरवर लिहून, चोरून.

८ फेब्रुवारी १९५१ च्या मतदानात आक्रा सेंट्रलमधून एन्क्रुमांना २३,१२२ पैकी २२,७८० मतं पडली. एक गोष्ट मांडणीत जरूर घ्या: ८४ जागांच्या विधिमंडळात लोकांनी निवडायच्या जागा फक्त ३८ होत्या. बाकीच्यांत ३७ पारंपरिक प्रमुखांच्या परिषदांकडून, ६ खाणी आणि व्यापारी मंडळांच्या, ३ सरकारी. त्या ३८ पैकी ३४ पक्षाने जिंकल्या. गव्हर्नर आर्डेन-क्लार्कने १२ फेब्रुवारीला सुटका केली आणि सरकारी कामकाजाचे नेते म्हणून नेमलं. मार्च १९५२ पासून ते पंतप्रधान. त्यामुळे डोळेझाक हा शब्द मला पटत नाही. निकाल लागल्यावर त्यांना आत ठेवून नवी राज्यघटना चालवणं अशक्य आहे, हे गव्हर्नरला कळलं होतं.

कोकोचा_माग

दुसरा प्रश्न सगळ्यात महत्त्वाचा आहे. तुमचे बाकीचे प्रश्न याच्याच पोटात आहेत, म्हणून जरा सविस्तर.

कोको पिकवणारे हजारो छोटे शेतकरी. शेंगा फोडून आतला गर केळीच्या पानांखाली पाच-सहा दिवस आंबवायचा, मग बिया आठवडाभर उन्हात वाळवायच्या आणि पोत्यात भरून विकायच्या. मोजमाप 'लोड'चं, म्हणजे ६० पौंड, साधारण २७ किलो. एका इंग्रजी टनात ३७ लोड आणि वर थोडे.

१९४७ पासून सगळा कोको कायद्याने एकाच संस्थेकडे जायचा, कोको मार्केटिंग बोर्डाकडे. हंगामाआधी बोर्ड भाव जाहीर करणार, त्या भावाने परवानाधारक खरेदीदार माल उचलणार आणि बोर्ड तो जगाच्या बाजारात विकणार. कागदावरचा हेतू चांगला होता: तेजीत थोडं बाजूला टाकायचं आणि मंदीत त्यातून शेतकऱ्याला सावरायचं. शिवाय निर्यात शुल्क वेगळं.

ऑगस्ट १९५४ मध्ये सरकारने कायदा करून भाव लोडला ७२ शिलिंगांवर चार वर्षांसाठी गोठवला. २० शिलिंगांचा एक पौंड, तेव्हा टनाला हिशोब केला तर १३४ पौंड होतात. त्याच वर्षी जागतिक भाव ४०० पौंडांच्या पुढे गेला होता. मधला फरक विकासासाठी. दोनच महिन्यांपूर्वीच्या निवडणूक प्रचारात शेतकऱ्यांपुढे १०० शिलिंगांची भाषा झाली होती, त्यामुळे हा घाव फार लागला. सप्टेंबरमध्ये असांते प्रदेशातल्या कुमासी शहरात नॅशनल लिबरेशन मूव्हमेंट हा विरोधी पक्ष उभा राहिला, कारण कोकोचा मोठा पट्टा असांते प्रदेशातच. त्याचे नेते बाफोर अकोतो. हे नाव लक्षात ठेवा, चौथ्या प्रश्नात परत येईल. १९५६ च्या निवडणुकीत एन्क्रुमांनी १०४ पैकी ७१ जागा मिळवल्या, पण असांतेतल्या २१ पैकी फक्त ८.

त्या पैशाचं झालं काय? पुष्कळ चांगलं झालं आणि ते मोकळेपणाने सांगायला हवं. १९५२ पासून प्राथमिक शाळांची फी बंद झाली, रस्ते आणि दवाखाने आले, तेमाचं बंदर झालं, कुमासीचं तंत्रविद्यापीठ उभं राहिलं. ६ मार्च १९५७ ला स्वातंत्र्य मिळालं तेव्हा घाना सहाराखालच्या आफ्रिकेतल्या सुस्थितीतल्या देशांत गणला जायचा.

बिनसलं ते पुढे, आणि पायरीपायरीने. १९५९ मध्ये सरकारधार्जिण्या शेतकरी संघटनेने 'स्वेच्छेने' लोडमागे १२ शिलिंग सोडले, भाव ६० वर आला. १९६१ मध्ये सक्तीची बचत लागू झाली आणि हातात ५४ उरले. त्याच वर्षी खरेदीचा मक्ता त्या संघटनेला दिला. म्हणजे गावात माल घेणारा एकच. त्याने वजनात मारलं किंवा पैशांऐवजी चिठ्ठी दिली तर शेतकरी जाणार कुठे? तो सीमेपलीकडे गेला. टोगो आणि आयव्हरी कोस्टकडे कोको चोरून जाऊ लागला.

आता झाडाचा हिशोब. कोकोचं झाड लावल्यापासून चांगलं फळायला पाच ते सात वर्षं घेतं. पन्नाशीतल्या तेजीत घाना, नायजेरिया आणि आयव्हरी कोस्ट सगळीकडे लागवड झाली. शिवाय कॅप्सिड किड्यांवर फवारणी सुरू झाली. ते सगळं पीक साठीच्या मध्यावर एकदम बाजारात आलं. १९६४-६५ ला घानाचं पीक साडेपाच लाख टनांच्या आसपास गेलं, तोवरचा उच्चांक. जगातला साधारण एक तृतीयांश कोको एकटा घाना पिकवत होता, त्यामुळे स्वतःच्याच पिकाने भाव पडला. १९६५ च्या उन्हाळ्यात तो टनाला १०० पौंडांच्या खाली आला.

म्हणजे ज्या दिवसासाठी बोर्डाने पैसा बाजूला ठेवायचा तो दिवस आला, तेव्हा गंगाजळी संपलेली होती. माझ्या मते घसरणीचं मूळ इथे आहे. भाव पडणं एन्क्रुमांच्या हातात नव्हतं, पण मंदीसाठी ठेवलेलं धन तेजीतच खर्चून टाकणं त्यांच्या हातात होतं.

वाळूघड्याळ

@कोकोचा_माग, फार मोलाचं लिहिलंत. एक शंका: भाव पडतोय हे दिसल्यावर माल साठवून का ठेवला नाही?

कोकोचा_माग

ठरवलं होतं तसंच. तेमाला त्यासाठी प्रचंड कोठारं, सायलो, बांधली. ती कधी वापरात आलीच नाहीत. कोकोच्या बीत निम्म्याच्या आसपास चरबी असते आणि वाळलेली बी हवेतली ओल ओढते. समुद्रकाठच्या दमट उष्ण हवेत उंच सायलोत ढीग लावला तर तळाचा माल तापतो, बुरशी धरते. पोत्यांची थप्पी हवेशीर गोदामात लावली तरी हंगामापुरतीच निभते. दुसरी अडचण पैशाची. माल रोखायचा तर तोवर आयातीचं बिल भरायला परकीय चलन हवं, आणि तेच नव्हतं.

पाणलोट

तिसरा प्रश्न. धरणाने कर्जात बुडवलं हे बरोबर नाही. धरणाच्या करारात दोष होते, पण ते वेगळे.

व्होल्टावर वीज आणि त्या विजेवर घानाच्याच बॉक्साइटपासून अ‍ॅल्युमिनियम, ही कल्पना १९१५ पासूनची, भूगर्भशास्त्रज्ञ आल्बर्ट किट्सनची. पन्नाशीत ब्रिटिश आयोगाने सगळा आराखडा तपासला तेव्हा खर्च २०० दशलक्ष पौंडांच्या वर गेला आणि लंडनने हात आखडता घेतला. ऑक्टोबर १९५७ मध्ये अर्थमंत्री ग्बेडेमांना अमेरिकेत डेलावेअरच्या एका उपाहारगृहात काळे म्हणून बसू दिलं नाही. बोभाटा झाला, आयझेनहॉवरने त्यांना न्याहारीला बोलावलं आणि तिथे धरणाचा विषय पुन्हा निघाला.

कैसर या अमेरिकन कंपनीने १९५९ मध्ये आराखडा स्वस्त केला. धरणाची जागा आजेनाहून अकोसोम्बोला हलवली, अ‍ॅल्युमिनियम वितळवायचा कारखाना तेमाला नेला आणि मधली पायरी गाळली. ती मधली पायरीच घानाच्या फायद्याची होती. बॉक्साइटपासून आधी अ‍ॅल्युमिना होतो, अ‍ॅल्युमिनापासून धातू. अ‍ॅल्युमिनाचा कारखाना नाही म्हणजे घानाचं बॉक्साइट जमिनीतच, आणि तेमाला अ‍ॅल्युमिना जहाजाने बाहेरून येणार. व्हाल्को नावाच्या त्या कारखान्यात कैसरचा वाटा ९० टक्के, रेनॉल्ड्सचा १०.

विजेचा दर युनिटला २.६२५ मिल. मिल म्हणजे डॉलरचा हजारावा भाग, तेव्हा युनिट पाव सेंटाच्या आसपास पडलं. तोही तीस वर्षं बांधलेला. मग असा करार केला का? कारण बँकांना खात्रीचं मोठं गिऱ्हाईक दाखवल्याशिवाय कर्ज मिळत नव्हतं आणि एवढी वीज घेणारं दुसरं गिऱ्हाईक देशात नव्हतं. १९८५ मध्ये फेरवाटाघाटी होऊन दर १७ मिल झाला, यावरून मूळ दर किती खाली होता ते कळेल.

खर्च साधारण निम्मा घानाने स्वतः उचलला. जागतिक बँकेने ४७ दशलक्ष डॉलर दिले, बाकी अमेरिका आणि ब्रिटनच्या संस्थांनी. इटलीच्या इम्प्रेजिलोने दगडी भरावाचं हे धरण बांधलं, उंची ११४ मीटर. २२ जानेवारी १९६६ ला उद्घाटन झालं. पुढे महिना आणि दोन दिवसांनी सत्ता गेली.

गळ्याशी आलेलं कर्ज वेगळं होतं, त्याला पुरवठादारांचं कर्ज म्हणतात. परदेशी कंपनीच यंत्रं विकते आणि तीच उधार देते. किमतीत व्याज आणि नफा आधीच मिसळलेला, मुदत चार-सहा वर्षं. कारखाना उभा राहून माल निघायच्या आतच हप्ते सुरू होतात. कारखान्यात सुटे भाग नाहीत, सरकारी शेतमळ्यावर ट्रॅक्टर पडून, आणि हप्त्याची तारीख मात्र टळत नाही. असे अनेक करार साठीत झाले आणि त्यांचे हप्ते नेमके कोको कोसळला तेव्हाच एकवटले.

विस्थापितांबद्दल न बोलता धरणावर बोलू नये. सुमारे ८०,००० माणसं उठवली, ७०० हून जास्त गावांतली, आणि त्यांना ५२ नव्या वसाहतींत नेलं. घर मिळालं ते गाभ्याचं: पूर्ण पाया, छप्पर, पण बांधून दिलेली खोली एक, बाकीच्या स्वतः वाढवायच्या. यंत्राने साफ करून द्यायची शेतजमीन वेळेत झालीच नाही, म्हणून लोक वसाहती सोडून तळ्याकाठी मासेमारीला गेले. साचलेल्या पाण्यात पाणवनस्पती वाढल्या, त्यांवर गोगलगायी, आणि गोगलगायींमार्फत बिल्हार्झिया हा रोग पसरला. धरणाखाली पूर थांबले तसा नदीतल्या शिंपल्यांचा धंदाही बसला. तो मुख्यतः बायकांच्या हातातला होता.

कलम_बावीस

प्रिव्हेन्टिव्ह डिटेन्शन अ‍ॅक्ट, जुलै १९५८. देशाच्या सुरक्षेला धोका वाटला की खटल्याशिवाय पाच वर्षांपर्यंत स्थानबद्धता. पाच दिवसांत कारणं कळवायची, कैद्याने लेखी म्हणणं द्यायचं, निर्णय सरकारचाच.

आपल्याकडे याच नावाचा कायदा १९५० मध्ये झाला होता आणि समर्थक भारताचा दाखला देतात. तो दाखला अपुरा आहे. आपल्या घटनेच्या कलम २२ ने तीन महिन्यांपुढच्या स्थानबद्धतेला सल्लागार मंडळाची संमती लागायची आणि कमाल मुदत बारा महिने होती. घानात मंडळही नाही आणि मुदत पाचपट. शिवाय नंतर दुरुस्ती करून ती वाढवता येऊ लागली.

वर उल्लेख आलेले बाफोर अकोतो आणि इतर सात जण नोव्हेंबर १९५९ मध्ये पकडले गेले. त्यांचं प्रकरण सर्वोच्च न्यायालयात १९६१ मध्ये निकाली निघालं, वकील जे. बी. डांक्वा. त्यांचा युक्तिवाद: १९६० च्या घटनेच्या कलम १३ नुसार राष्ट्राध्यक्ष व्यक्तिस्वातंत्र्य जपण्याची जाहीर ग्वाही देतो, मग हा कायदा टिकतो कसा? सरन्यायाधीश अर्कू कोर्सा यांनी निकाल दिला की ती ग्वाही नैतिक बंधन आहे, न्यायालयाकडून बजावून घेता येईल असा हक्क नव्हे.

पुढचा क्रम वाचताना मन विषण्ण होतं. ऑगस्ट १९६२ मध्ये कुलुंगुगू गावी एन्क्रुमांवर बॉम्ब टाकला गेला. आरोपींमध्ये त्यांचेच दोन मंत्री आणि पक्षाचा एक वरिष्ठ पदाधिकारी. डिसेंबर १९६३ मध्ये कोर्सांच्या न्यायालयाने त्या तिघांना निर्दोष सोडलं, आणि एन्क्रुमांनी कोर्सांनाच पदावरून काढलं. जानेवारी १९६४ च्या सार्वमताने देश एकपक्षीय झाला, होकार ९९.९ टक्के दाखवला. त्याच महिन्यात डांक्वांना दुसऱ्यांदा स्थानबद्ध केलं. ४ फेब्रुवारी १९६५ ला ते न्सावाम तुरुंगात वारले. १९४८ मध्ये एन्क्रुमांबरोबर पकडले गेलेले तेच डांक्वा, १९६० मध्ये राष्ट्राध्यक्षपदासाठी त्यांच्याविरुद्ध उभे राहिलेलेही तेच.

@कोकोचा_माग यांच्या मांडणीत एवढी भर घालतो: कोको, कर्ज, शेतमळे यांतलं चुकतंय हे सांगणारी माणसं तोवर आत होती, परदेशात होती किंवा गप्प होती. ग्बेडेमांनाही १९६१ मध्येच मंत्रिमंडळातून घालवलं होतं. चूक कळायची वाटच बंद केली, म्हणून ती वेळेत दुरुस्त झाली नाही.

कवडी_दमडी

उच्चारापुरतं. घानातल्या अकान भाषांत सुरुवातीचा अनुनासिक स्वतःच एक अक्षर असतो. 'अंकुश' म्हणताना आधीचा 'अ' गाळून फक्त अनुस्वार धरून ठेवा आणि पुढे 'क्रूमा' म्हणा, जवळपास तोच उच्चार. मराठीत 'एन्क्रुमा' रुळलं आहे, तेच ठेवा. 'क्रुमा' मात्र नको.

क्वामे म्हणजे शनिवारी जन्मलेला. नोंदीतली जन्मतारीख २१ सप्टेंबर १९०९ आहे, पण तो मंगळवार येतो. शनिवार धरला तर १८ तारीख निघते. मांडणीत तारीख दिलीत तर कोणीतरी विचारेलच.

आणि घानाचं चलन सेडी, जुलै १९६५ मध्ये आलं, त्याचं नाव कवडीवरून आहे. पश्चिम आफ्रिकेत शतकानुशतकं कवड्या नाणं म्हणून चालल्या आणि त्यातल्या कितीतरी मालदीवच्या, म्हणजे आपल्याच समुद्रातल्या. पहिल्या सेडीवर एन्क्रुमांचं चित्र होतं, उठावानंतर ते काढलं.

जुनी_पाने

राहिला अमेरिकेचा मुद्दा. अमेरिकन सरकारने पुढे खुल्या केलेल्या कागदांतून एवढं नक्की दिसतं, की १९६५ मध्येच उठावाच्या हालचाली वॉशिंग्टनला ठाऊक होत्या आणि उठाव झाल्यावर तिथे उघड समाधान होतं. उठावाची आखणी आणि अंमलबजावणी मात्र घानाच्या लष्कर-पोलिसांनी केली, आणि त्यांची कारणं घरचीच होती. एन्क्रुमांनी राष्ट्राध्यक्षांच्या खास रक्षकदलाला झुकतं माप दिलं, नियमित पलटणींना गणवेश-सामग्रीची चणचण. १९६५ मध्ये जनरल अंक्रा यांना घरी पाठवलं होतं.

२१ फेब्रुवारी १९६६ ला एन्क्रुमा व्हिएतनाम युद्धात शांतता घडवायला हनोईकडे निघाले. कुमासीचा ब्रिगेड कमांडर कर्नल कोटोका, मेजर आफ्रिफा आणि पोलीसप्रमुख हार्ली यांनी तो मुहूर्त साधला. सैन्य दक्षिणेला हलवताना ऱ्होडेशियाच्या (आजचं झिम्बाब्वे) मोहिमेचं निमित्त पुढे होतं, ते खपलं कारण एन्क्रुमा स्वतःच तिकडे सैन्य धाडायची भाषा करत होते. २४ तारखेच्या पहाटे राष्ट्राध्यक्षांच्या फ्लॅगस्टाफ हाउसवर रक्षकदलाने प्रतिकार केला, तासांत मोडला. एन्क्रुमांना बातमी पेकिंगला (आजचं बीजिंग) पोचल्यावर कळली. नव्या राजवटीचे अध्यक्ष झाले अंक्रा.

गिनीच्या सेकू तुरे यांनी त्यांना कोनाक्रीत आश्रय दिला, सहराष्ट्राध्यक्ष म्हणून मान दिला. २७ एप्रिल १९७२ ला बुखारेस्टला कर्करोगाने ते गेले. घानात परत आले ते शवपेटीतून, आधी जन्मगावी न्क्रोफुलला. १९९२ मध्ये आक्रात जिथे त्यांनी स्वातंत्र्य जाहीर केलं होतं तिथेच स्मारक बांधून त्यांना ठेवलं.

वाळूघड्याळ

सगळ्यांचे मनापासून आभार. मांडणीची सुरुवात आता जेम्स फोर्टपासून न करता ऑगस्ट १९५४ च्या ७२ शिलिंगांपासून करतो. मग मागे १९५१ आणि पुढे धरण, अकोतो खटला, १९६५ चा भाव. अ‍ॅल्युमिनाची गाळलेली पायरी फळ्यावर काढून दाखवावी लागेल, तोंडी सांगून ती कळणार नाही.